एकाच थापेचा सिद्धांत: नादाने घडणारे आणि मनाने चालणारे स्फटिक कसे रचावेत

विज्ञानकथा लिहिणाऱ्यांच्या वहीत कधी ना कधी एक स्फटिक येतोच. तो चमकतो, गुणगुणतो, नायिकेने डोळे मिटले की जागा होतो. मग कुणीतरी चाणाक्ष वाचक विचारतो, "एवढं सोपं होतं, तर तिने पहिल्याच पानावर डोळे का नाही मिटले?" लेखकाकडे याचं उत्तर नसेल, तर त्या स्फटिकात आणि जादूच्या कांडीत फरक उरत नाही.

या लेखात आपण असं उत्तर देऊ शकणारा सिद्धांत पायरीपायरीने रचणार आहोत. ध्वनी स्फटिकाला आकार देतो आणि मन त्याला चालवतं, एवढंच त्याचं सूत्र. सिद्धांत अर्थातच काल्पनिक आहे. पण माझा एक हट्ट आहे: सगळ्या रचनेत थाप, म्हणजे धडधडीत खोटं, एकच मारायची, आणि खरं भौतिकशास्त्र जिथवर साथ देतं तिथवर चालून गेल्याशिवाय तिची जागा ठरवायची नाही. त्यासाठी कागद, पेन्सिल आणि कॅल्क्युलेटर पुरे. जोडीला एक वाडगा, एक फुगा आणि चिमूटभर कोरडी वाळू असेल तर उत्तमच.

पायरी १: आवाज काय करतो ते आधी डोळ्यांनी बघा

फुगा कापून त्याचं रबर वाडग्याच्या तोंडावर ढोलाच्या पुडीसारखं ताणून बसवा. वर बारीक, कोरडी वाळू अगदी विरळ भुरभुरा. आता तोंड जवळ नेऊन एकच सूर लांबवा. श्वासाने वाळू उडत असेल तर पुठ्ठ्याच्या नळीतून, बाजूने गा. सूर सावकाश वर चढवत नेला की बराच वेळ वाळू नुसती थरथरते, आणि एका ठरावीक उंचीला अचानक पळत जाऊन रेषा धरते. सूर थोडा पुढे सरकवला की रेषा मोडतात. आणखी पुढे गेलं की दुसरीच नक्षी उभी राहते.

हा 'अचानक'पणा वहीत टिपून ठेवा, कारण कथेत तोच सगळ्यात जास्त उपयोगी पडतो. नक्षी हळूहळू बदलत नाही, ती उडी मारते. पडदा ठरावीक वारंवारतांनाच जोरात साथ देतो, याला अनुनाद म्हणतात. साथ देताना त्याचे काही भाग जोरात हलतात आणि काही रेषा जागच्या जागी राहतात. वाळू हलणाऱ्या भागावरून हाकलली जाते आणि त्या शांत रेषांवर, म्हणजे निस्पंदांवर, गोळा होते.

अर्न्स्ट क्लाड्नी याने १७८७ मध्ये धातूच्या पत्र्यांच्या कडेवर व्हायोलिनचा गज फिरवून अशा आकृत्या काढल्या आणि छापल्या. त्यांचं गणित मांडण्यासाठी पुढे फ्रान्समध्ये बक्षीस लावण्यात आलं आणि ते सोफी जर्मेन यांनी १८१६ मध्ये मिळवलं. म्हणजे डोळ्यांना दिसणारी गोष्ट गणितात यायला जवळजवळ तीस वर्षं गेली, आणि तेव्हाही ते गणित पूर्ण निर्दोष नव्हतं. तुमच्या कथेतल्या कारागिरांनाही सिद्धांत पूर्ण कळलेला नसू दे. हाताला येतं पण सांगता येत नाही, अशी त्यांची अवस्था असली तर ती माणसं खरी वाटतात.

मायकेल फॅरडेने १८३१ मध्ये आणखी एक गंमत दाखवली. वाळू शांत रेषांवर जाते, पण अगदी हलकी पूड उलट सगळ्यात जास्त हलणाऱ्या जागी ढीग करते. कंपनामुळे पत्र्यालगत हवेचे लहान लहान प्रवाह तयार होतात आणि पूड त्यांच्यात सापडते. हवा काढून घेतली की तीच पूड शहाण्यासारखी वाळूच्या मागे जाते. एकाच सुराचे दोन उलटे ठसे! एवढ्यावर एखाद्या कथेचं रहस्य उभं राहू शकेल.

आणि फुग्याचा प्रयोग पोरखेळ वाटत असेल, तर मार्गारेट वॉट्स ह्यूज ही वेल्श गायिका आठवा. तिने १८८५ मध्ये पडदा ताणलेलं एक उपकरण केलं ते स्वतःच्या आवाजाचा जोर मोजायला. पडद्यावर टाकलेल्या बिया गाताना भौमितिक आकार घेतात हे तिच्या लक्षात आलं, आणि पुढे तिने आवाजातून चित्रंच काढली. तुमच्या कथेतल्या पहिल्या स्फटिककाराला याहून चांगली पूर्वज मिळणार नाही.

पायरी २: मापं जुळवा, इथेच पहिला धक्का बसतो

आता हिशेब. ध्वनीचा वेग हवेत २० अंश सेल्सियसला सेकंदाला सुमारे ३४३ मीटर, पाण्यात सुमारे १,४८० मीटर आणि क्वार्ट्झच्या स्फटिकात साधारण ६ किलोमीटर असतो. वेगाला वारंवारतेने भागलं की तरंगलांबी मिळते. ४४० हर्ट्झचा सूर हवेत सुमारे ७८ सेंटिमीटर लांब आहे. क्वार्ट्झमध्ये तोच साडेतेरा मीटरच्या वर जातो.

म्हणजे तळहातावर मावणाऱ्या स्फटिकाच्या मानाने माणसाचा आवाज फारच अजस्र आहे. १० सेंटिमीटर लांबीच्या क्वार्ट्झच्या कांडीत लांबीच्या दिशेने अनुनाद हवा असेल तर सुमारे ३०,००० हर्ट्झ लागतात. माणसाचा कान २०,००० ला थकतो, आणि कंठाची तर गोष्टच सोडा. बहुतेक काल्पनिक स्फटिक इथेच मरतात, फक्त त्यांच्या लेखकांना ते कळत नाही.

इथे थाप मारायचा मोह होतो. मारू नका, कारण खऱ्या जगात पळवाट आहे. पाण्याचं उथळ भांडं उभ्या दिशेने हलवलं की पृष्ठभागावर लाटांची जाळी उमटते. तीही फॅरडेनेच १८३१ मध्ये अभ्यासली. या लाटा भांड्याच्या निम्म्या वारंवारतेने हलतात आणि पाण्याच्या आत धावणाऱ्या ध्वनीपेक्षा कितीतरी हळू चालतात. त्यामुळे त्यांची लांबी एकदम आवाक्यात येते. भांडं १०० हर्ट्झने, म्हणजे पुरुषाच्या खर्जातल्या आवाजाने हलवलं, तर पाण्यावरच्या दोन शिखरांमधलं अंतर सुमारे ६ मिलिमीटर भरतं.

तेव्हा सिद्धांताचा पहिला नियम असा: आवाज तयार, घट्ट स्फटिकाला आकार देत नाही. उथळ द्रावणात जो थर आत्ता बसतो आहे, फक्त त्यालाच देतो. ओघानेच तुमचे स्फटिक चपटे झाले, अभ्रकाच्या पापुद्र्यांसारखे. मला हे फार आवडतं. चित्रात नेहमी दिसणारे टोकदार, षटकोनी सुळके गेले आणि त्यांच्या जागी कागदासारख्या पाती आल्या, आणि त्याही हौसेने आलेल्या नाहीत, हिशेबाने आल्या आहेत.

पायरी ३: स्फटिक वाढवा

तुरटी वाढवून बघितलेल्यांना हे माहीत असतं. गरम पाण्यात विरघळेल तेवढी तुरटी घालायची, द्रावण गाळायचं आणि न हलवता निवू द्यायचं. पाणी थंड होतं तशी ते पेलू शकत असलेली तुरटी कमी होत जाते आणि द्रावण अतिसंपृक्त होतं. दोऱ्याला बांधलेला छोटा बीजस्फटिक आत सोडला की जास्तीची तुरटी त्याच्यावर येऊन बसते. घाई केली की गढूळ, फुटक्या कडांचा गोळा मिळतो. तापमान सावकाश उतरलं तर स्वच्छ अष्टफलक हाती येतो.

इथून सिद्धांतासाठी दोन गोष्टी उचलायच्या. पहिली म्हणजे, वाढणाऱ्या स्फटिकावर प्रवाहाची आणि तापमानाची नोंद राहते. वितळलेल्या पदार्थातून ओढून काढलेल्या स्फटिकांमध्ये अशा चढउतारांच्या बारीक वाढरेषा खरोखर सापडतात. नादाची नक्षी थरात उतरते, हे आपलं म्हणणं त्यामुळे थाप ठरत नाही. फार तर ते ताणलेलं खरं आहे. दुसरी गोष्ट वेगाची. भट्टीतल्या दाबाखाली कृत्रिम क्वार्ट्झ वाढवतात तेव्हा तो दिवसाला फार तर मिलिमीटरच्या आसपास वाढतो. हाच वेग आपण धरू. कागदाएवढी, म्हणजे ०.१ मिलिमीटर जाडीची पात व्हायला सुमारे २ तास २४ मिनिटं लागतील.

तेवढा वेळ सूर हलता कामा नये. कुणी खोकलं तर तो खोकला पातीत कायमचा राहील. गायकांना श्वास चोरून, आळीपाळीने घ्यावा लागेल. खोलीत मांजर नको.

पायरी ४: कोणता स्फटिक ऐकतो, कोणता बहिरा

झाक आणि पिएर क्युरी या भावांनी १८८० मध्ये दाखवलं की काही स्फटिक दाबले की त्यांच्या पृष्ठांवर विद्युतभार येतो. पुढच्याच वर्षी उलटही सिद्ध झालं: विद्युतदाब दिला की स्फटिक किंचित आकार बदलतो. याला दाबविद्युत म्हणतात. मन आणि स्फटिक यांच्यात पूल बांधायचा तर सामान इथेच आहे, कारण मेंदूची भाषा विजेची आहे.

पण हा गुण सगळ्यांत नसतो. स्फटिकांच्या रचनेचे सममितीनुसार ३२ वर्ग पडतात आणि त्यांतल्या २० वर्गांतच दाबविद्युत संभवते. क्वार्ट्झ, टूर्मलीन, साखर आणि रोशेल मीठ ऐकतात. साधं मीठ बहिरं आहे आणि आपली तुरटीही. दिसायला इतकी देखणी, पण उपयोग नाही. कथेत एखादा लबाड व्यापारी चकचकीत बहिरे स्फटिक विकत असेल, तर त्याला ओळखण्याची रीत तुम्हाला मिळाली.

आपल्याला पाण्यातून सहज वाढणारा आणि एकदा छेडला की खूप वेळ घुमणारा पदार्थ हवा. रोशेल मीठ पाण्यातून मोठं वाढतं. पूर्वी मायक्रोफोनमध्ये आणि ग्रामोफोनच्या सुईमागे तेच असायचं. खूप वेळ घुमण्याचा गुण मात्र क्वार्ट्झचा. आपल्या काल्पनिक खनिजात हे दोन्ही एकत्र करू. माझ्या मते ही थाप नव्हे, उसनवारी आहे: दोन्ही गुण खरे, फक्त घरं वेगळी.

पायरी ५: मनाचा हिशेब, आणि थापेची जागा

या पायरीवर घाई करू नका. सगळा सिद्धांत इथेच तगतो नाहीतर कोसळतो.

मेंदू साधारण २० वॉट शक्तीवर चालतो, पण कवटीबाहेर त्यातलं जवळजवळ काहीच येत नाही. हान्स बर्गर याने १९२४ मध्ये माणसाच्या मेंदूच्या विद्युतलहरी पहिल्यांदा नोंदवल्या आणि १९२९ मध्ये त्या प्रसिद्ध केल्या. डोक्याच्या त्वचेवर त्यांचा विद्युतदाब काही दहा मायक्रोव्होल्ट असतो (मायक्रोव्होल्ट म्हणजे व्होल्टचा दहा लाखावा भाग). ५० धरू. क्वार्ट्झ एका व्होल्टला सुमारे २.३ पिकोमीटर हलतो (पिकोमीटर म्हणजे मीटरचा एक लाख कोटीवा भाग). म्हणजे ५० मायक्रोव्होल्टला ०.०००११५ पिकोमीटर. प्रोटॉनचा व्यास सुमारे ०.००१७ पिकोमीटर आहे. तुमच्या नायिकेचा प्रबळ संकल्प स्फटिकाला प्रोटॉनच्या पंधराव्या हिश्श्याएवढा हलवतो!

इथे वही मिटू नका. हा आकडा अडचण नाही, कच्चा माल आहे. आता अनुनादाला हाक मारा. उत्तम क्वार्ट्झ निर्वातात एखाद्या धक्क्याचा परिणाम १० लाख पटींपर्यंत वाढवू शकतो, मात्र धक्के अगदी बरोबर तालात बसले पाहिजेत. प्रोटॉनच्या पंधराव्या हिश्श्याला १० लाखांनी गुणलं की सुमारे ०.१ नॅनोमीटर येतं, म्हणजे एका अणूएवढं. अणू हलला! आता बोलणी होऊ शकतात.

(पात वाकते तेव्हा तिचं टोक याहून बरंच जास्त हलतं, तो आपला नफा. डोक्यावरचा विद्युतदाब हवेतून पातीपर्यंत पोचेस्तोवर जवळजवळ विरून जातो, तो तोटा. मी हे दोन्ही एकमेकांत वळते केले आहेत. कडक वाचकाने पकडलं तर हात जोडायचे.)

ताल कुठला? मेंदूत सगळ्यात ठळक दिसतो तो सेकंदाला ८ ते १३ आवर्तनांचा अल्फा ताल. तो बहुतेकांमध्ये डोळे मिटल्यावर वाढतो आणि उघडल्यावर ओसरतो, हेही बर्गरनेच पाहिलं होतं. नायिका डोळे का मिटते याचं कारण आयतं मिळालं. १० हर्ट्झला घुमणारी पात केवढी असेल? एका टोकाला पकडलेली, ०.१ मिलिमीटर जाडीची क्वार्ट्झसारखी पात घेतली तर लांबी साडेनऊ सेंटिमीटरच्या जवळपास येते. दुसऱ्या पायरीवर आपण ज्या कागदी पातींपाशी पोचलो होतो, अगदी त्याच. असं जुळून आलं की लिहिणाऱ्याला जो आनंद होतो, तो ज्याचा त्यानेच अनुभवावा.

आता किंमत. १० लाख पटींचा अनुनाद क्षणात भरत नाही. १० हर्ट्झला तो दोन-तृतीयांशाच्या आसपास भरायलाच सुमारे ९ तास लागतात. एवढा वेळ ताल किंचितही घसरता कामा नये. खऱ्या मेंदूला हे जमत नाही, त्याचा अल्फा ताल सेकंदासेकंदाला भरकटतो.

ही आपली फट. थाप इथे, आणि फक्त इथेच मारायची.

माझी थाप अशी आहे: पात दोन गायकांनी मिळून घडवायची, एकाने १०० हर्ट्झ आणि दुसऱ्याने ११० हर्ट्झ लावून. दोन जवळचे सूर एकत्र आले की आवाज लहानमोठा होत धपापतो, सेकंदाला त्यांच्या फरकाइतक्या वेळा. इथे बरोबर १० वेळा. इथपर्यंत सगळं खरं आहे. त्यापुढचं वाक्य खोटं: 'तो धपापा एकाच वेळी पातीच्या थरांत आणि दोन्ही गायकांच्या मेंदूत कोरला जातो, आणि पुढे पात जवळ असली की मेंदूचा अल्फा ताल तिला घट्ट धरून राहतो.' बस्स, एवढंच.

बघा, या एका वाक्याने किती नियम आपोआप आले. पात फक्त तिच्या दोन गायकांचं ऐकते. चोरून नेली तर काचेचा तुकडा. दोघांपैकी एक वारला तर उरलेल्याला ती चालवता येते, पण तशी दुसरी पात आता होणे नाही. हवेत पात लगेच गप्प होते, म्हणून ती काचेच्या निर्वात हंडीत ठेवावी लागते. आणि पहिल्या पानावर डोळे का मिटले नाहीत? मिटले होते, नऊ तास बसावं लागतं, आणि आठव्या तासाला कुणीतरी दार वाजवलं.

पायरी ६: ऊर्जेचा जमाखर्च

मन पातीला हलवतं, पण काम करायला लागणारी ऊर्जा मनातून येत नाही. ती आधीच पातीत भरून ठेवलेली असली पाहिजे. अतिसंपृक्त सोडियम ॲसिटेट भरलेल्या शेकपिशवीत धातूची चकती टिचकी मारून दाबली की सगळं द्रावण गोठतं आणि गरम होतं. टिचकीत ती उष्णता नसते. आपल्या मनाची भूमिका त्या टिचकीची.

किती ऊर्जा भरता येईल? वाढताना जालकात, म्हणजे अणूंच्या मांडणीत, हजारातला एक भाग ताण राहिला असं धरा. क्वार्ट्झसारख्या ताठ पदार्थात मग दर घन सेंटिमीटरला सुमारे ०.०४ ज्यूल साठतात. साडेनऊ सेंटिमीटरच्या, ५ सेंटिमीटर रुंद पातीत जेमतेम ०.०२ ज्यूल. त्यात २ ग्रॅमची वस्तू एक मीटर उचलली जाते. एकदाच. नंतर पात मंद पडते किंवा तडकते.

अनेकांना हे वाचून वाईट वाटतं. मला नाही वाटत. २ ग्रॅममध्ये कडीची खीळ सरकते, बंदुकीचा घोडा अडतो, विषाची कुपी कलंडते. ज्यांना डोंगरच फोडायचे आहेत त्यांनी २०० पाती रचाव्यात, म्हणजे २० दिवसांचं अखंड गाणं, आणि तरीही १०० ग्रॅमचा दगड ४ मीटर उडेल.

पायरी ७: कथेतच कुणाला तरी शंका घेऊ द्या

मनाशी संबंध असलेल्या प्रयोगात सगळ्यात मोठा धोका प्रयोग करणाऱ्याच्या मनाचा असतो. १९०३ मध्ये फ्रान्समधल्या नान्सी इथे रने ब्लाँडलो या नावाजलेल्या भौतिकशास्त्रज्ञाने नवे 'एन किरण' सापडल्याचं जाहीर केलं. अंधाऱ्या खोलीत मंद ठिणगी किंचित उजळते, एवढाच त्याचा पुरावा. इतरांनाही ते दिसू लागले. १९०४ मध्ये अमेरिकन शास्त्रज्ञ रॉबर्ट वुड तिथे गेला आणि प्रयोग चालू असताना अंधारात गुपचूप उपकरणातला लोलक (प्रिझम) काढून घेतला. ब्लाँडलोला किरण तरीही दिसतच राहिले.

तुमच्या प्रयोगशाळेत असा एक वुड हवाच. तो गायकाला न सांगता पात बदलेल, तिच्या जागी तुरटीचा बहिरा पापुद्रा ठेवेल, आणि काय ठेवलंय हे नोंद करणाऱ्यालाही कळू देणार नाही. दहापैकी काही वेळा गायकाला बहिऱ्या पापुद्र्याशीही 'जवळीक' वाटेल. ते तसंच राहू द्या. सिद्धांत खरा असलेल्या जगातही माणसं फसतात.

याच पायरीवर भाषेचीही झाडलोट करा. मसुद्यात 'ऊर्जा', 'कंपनं', 'क्वांटम' हे शब्द शोधा आणि प्रत्येकाला विचारा: कसली, किती, कुठून कुठे? उत्तर आकड्यात देता येत नसेल तर शब्द खोडा. असल्या शब्दांवर खरोखरचे खडे विकणारे पुष्कळ आहेत, त्यांच्या रांगेत आपली कथा उभी राहायला नको.

पायरी ८: स्फटिककाराची वही

शेवटचं काम प्रत्यक्ष लिहिण्याआधीचं. तुमच्या स्फटिककाराच्या वहीचं एक पान तयार करा. द्रावणाचं तापमान सुरुवातीला किती, शेवटी किती. पहिला सूर १००, दुसरा ११०. थोरल्याने किती वेळा श्वास घेतला. ४१व्या मिनिटाला धाकटी खोकली. पात उजेडात धरली की बरोबर तिथे एक धुरकट रेघ दिसते, आणि ती पात १० ऐवजी ९.८ ला घुमते. ती नोंदवहीत बाद ठरवली, पण फेकली नाही, असंही लिहा. हे पान कथेत छापायचं नाही. फक्त ती धुरकट रेघ एखाद्या प्रसंगात उजेडात येऊ द्या, धाकटी या जगात नसताना.